कॅमेरा कुणाच्या हातात?
(परभणी जिल्ह्यातल्या युवक शिबिरातलं भाषण)



सिनेमा म्हटलं की आपल्याला हिरो आठवतो. मी आज माहितीपटावर बोलणार. त्यात हिरो नसतो, माणसं असतात. पण ती कुणाच्या नजरेनं दिसतात, भांडण तिथं आहे.

१९७४ साली सरकारच्या फिल्म्स डिव्हिजननं अंदमानच्या आदिवासींवर 'मॅन इन सर्च ऑफ मॅन' काढला. दिग्दर्शक प्रेम वैद्य. नॉर्थ सेंटिनल बेटाच्या किनाऱ्यावर भेटी ठेवल्या : नारळ, भांडी, बांधलेलं डुक्कर, एक बाहुली. बेटावरून बाण आला तो दिग्दर्शकाच्या मांडीत घुसला. नारळ नि भांडी त्यांनी नेली, डुक्कर नि बाहुली पुरून टाकली. आमचं चित्र काढायला तुम्हाला बोलावलं कुणी? मला तरी त्या बाणाचा हाच अर्थ लागतो.

दुसरा माणूस आनंद पटवर्धन. जन्मानं आपल्यातला नाही. पण १९८५ च्या 'हमारा शहर'मध्ये मुंबईच्या तोडलेल्या झोपड्या आहेत, विलास घोगरेंचं गाणं आहे. सिमंतिनी धुरूंसोबत १९९५ साली केलेल्या 'नर्मदा डायरी'त धरणात बुडणारे आदिवासी आहेत. डोमखेडीची होळी आहे. २६ जानेवारीला दिल्लीच्या रस्त्यावर आदिवासी नाचतो, ती बाबू लोकांची 'संस्कृती'. डोमखेडीत तीच होळी लढ्यात उतरली. आपल्या मराठवाड्यातल्या आंधांकडं असं कुणी बघितलं?

११ जुलै १९९७. घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. पोलिसांनी गोळ्या घातल्या, दहा माणसं मेली. काही दिवसांत डाव्या चळवळीत गाणाऱ्या विलास घोगरेंनी कपाळाला निळी पट्टी बांधून गळफास घेतला. पटवर्धन त्यांच्या मागावर चौदा वर्षं फिरले. पोलीस म्हणत, जमाव गॅसचे टँकर पेटवणार होता. चौकशी आयोगानं गोळीबार चुकीचा ठरवला. २०११ साली 'जय भीम कॉम्रेड' पुरा झाला. तो भायखळ्याच्या बीआयटी चाळीत, वस्तीतच दाखवला. ज्यांचा सिनेमा, त्यांच्यासमोर!

पण चौदा वर्षं दुसऱ्या कुणी यावं याची वाट किती बघायची?

१० डिसेंबर २०२४ ला याच परभणीत पुतळ्यापुढच्या संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली. १५ तारखेला सोमनाथ सूर्यवंशी न्यायालयीन कोठडीत मेला. वडाराचं पोरगं, कायदा शिकत होता. त्या दिवसांत वस्त्यांत फिरलेल्या लाठ्या पोरांनी फोनमध्ये टिपल्या. आज ते व्हिडिओ कुठं आहेत? फॉरवर्ड झाले, पुसले गेले, फोन विकले गेले!

म्हणून सांगतो, व्हिडिओ गोळा करा. प्रत्येकावर तारीख, वेळ, गल्ली लिहा. मूळ फाईल कापू नका. दोन प्रती दोन घरांत ठेवा. आणि मार खाणाऱ्या मायबहिणींना विचारल्याशिवाय त्यांचं चित्र बाजारात मांडू नका. नाहीतर त्या बोटीवरच्या पाहुण्यांत नि आपल्यात फरक काय उरला?

सिनेमा नंतर होईल. आधी पुरावा राखा.

जय भीम!