प्रश्नोत्तरांच्या सदराचे ऋण
(फलटण येथील कार्यकर्ता शिबिरातील भाषणाचा सारांश)



लैंगिकतेचा विषय निघाला की आपल्या शिबिरांतही माना खाली जातात. आधी आर्थिक प्रश्न, हे नंतर पाहू, असे सांगितले जाते. मला ते मान्य नाही. वयात येणाऱ्या मुलाच्या मनात स्वतःच्या शरीराविषयी जी भीती बसते, तिच्यावर एक मोठा बाजार पोसला जातो. भिंतींवर ‘गुप्तरोगां’च्या जाहिराती रंगवणारे वैदू आणि गोरेपणाचे मलम विकणाऱ्या कंपन्या, दोघेही तिचीच वसुली करतात.

र. धों. कर्वे यांनी १९२७ मध्ये मुंबईत ‘समाजस्वास्थ्य’ काढले आणि १९५३ मध्ये मृत्यू येईपर्यंत चालवले. (फलटणकरांना हे नाते ठाऊक असेल : लेखिका जाई निंबकर या त्यांचे सावत्र बंधू दिनकर कर्वे यांच्या कन्या.) बापाला, मास्तरांना विचारता येत नाही ते वाचक त्यांना लिहून विचारीत. हस्तमैथुनाने शरीराची हानी होते ही समजूत निराधार आहे, असे कर्वे न रागावता, शास्त्राच्या आधारे सांगत. प्रश्न एकाचा असे. उत्तर मात्र विचारण्याचे धैर्य नसलेल्या सर्वांना मिळे. ही भीती आपल्या एकट्याची नाही, एवढे कळले तरी माणूस निम्मा सावरतो.

या उत्तरांवरूनच १९३४ मध्ये त्यांच्यावर अश्लीलतेचा खटला झाला. वकीलपत्र घेतले डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी. पुणे करार होऊन दोनच वर्षे झाली होती. बदनाम माणसाची बाजू घेणे त्यांना सोयीचे खासच नव्हते. विषय लैंगिक आहे एवढ्यावरून लेखन अश्लील ठरत नाही, हा त्यांचा मुद्दा. कर्व्यांना दंड झाला.

इंग्रज गेले, पण २००७ मध्ये महाराष्ट्रानेच शाळांतील लैंगिक शिक्षणाला बंदी केली. शिवाय मासिकाला वाचता येणारा आणि वर्गणी भरणारा वाचक लागतो. ऊसतोड कामगाराच्या मुलीला पहिली पाळी कोपीत येते, तेव्हा ती कोणत्या संपादकाला पत्र लिहिणार?

माझी सूचना साधी आहे. प्रत्येक शाळेत कुलूपबंद प्रश्नपेटी ठेवावी; चिठ्ठीवर नाव नसावे आणि उत्तर परिचारिकेने मुलामुलींना एकत्र बसवून द्यावे. ऊसतोडीच्या तळावर चिठ्ठीचा उपयोग नाही. तेथे आशा कार्यकर्तीलाच बसावे लागेल. तिच्या त्या तासांचे मानधन कारखान्याकडून कसे मिळवायचे, हे आजच्या बैठकीत ठरवावे.