खटला प्रलंबित, म्हणून हक्कही प्रलंबित?

(धुळे व जळगाव येथील कार्यकर्त्यांपुढे दिलेल्या भाषणाचा मजकूर)



१९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात विनोबांनी गीतेवर प्रवचने दिली आणि साने गुरुजींनी ती उतरवून घेतली. पोलिसांच्या दप्तरात नाव असणे आणि गुन्हेगार असणे यांतील फरक खानदेशाला नव्याने शिकवण्याची गरज नाही. पासपोर्टच्या खिडकीवर मात्र तो फरक आजही पुसला जातो.

समजा, शिरपूरचा एक वेल्डर आहे. कापसाच्या भावासाठी झालेल्या रास्ता रोकोत त्याच्यावर खटला भरला गेला आणि तो वर्षानुवर्षे तारखांवर रखडला. आखातात काम मिळते, पण पासपोर्ट अडतो. १९६७ च्या पासपोर्ट कायद्यातील कलम ६(२)(एफ) अन्वये फौजदारी न्यायालयात खटला प्रलंबित असेल तर पासपोर्ट नाकारता येतो. खुनाचा आरोप आणि रस्ता अडवल्याचा आरोप यांत हे कलम भेद करीत नाही.

याच कायद्याचे त्याआधीचे उपकलम पाहावे. मागील पाच वर्षांत नैतिक अधःपतनाच्या गुन्ह्याबद्दल किमान दोन वर्षांची शिक्षा झालेल्यालाच ते अडवते. म्हणजे हा वेल्डर गुन्हा कबूल करून किरकोळ दंड भरील, तर त्याची वाट मोकळी. निर्दोष आहे म्हणून लढत राहील, तर बंद! शाबीत दोषापेक्षा नुसता आरोप जड ठरतो. गरिबाला खोट्या कबुलीकडे ढकलणारा हा न्याय होय.

परदेशगमन ही सरकारची मेहेरबानी नव्हे. सतवंतसिंग साहनी प्रकरणात एप्रिल १९६७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा हक्क घटनेच्या २१व्या अनुच्छेदातील व्यक्तिस्वातंत्र्याचा भाग ठरवला. त्यानंतरच हा कायदा करणे सरकारला भाग पडले. २५ जानेवारी १९७८ च्या मनेका गांधी निकालाने, हक्क हिरावणारी कार्यपद्धतीही न्याय्य व वाजवी असलीच पाहिजे, असे सांगितले.

वाट अगदीच बंद नाही. २५ ऑगस्ट १९९३ च्या अधिसूचनेनुसार, जेथे खटला चालू आहे त्या न्यायालयाने परवानगी दिल्यास पासपोर्ट मिळतो. पण आदेशात मुदत लिहिलेली नसेल, तर तो एकच वर्षाचा. आखाती देश प्रवेशाच्या वेळी सहा महिन्यांची मुदत शिल्लक मागतात. मग दोन वर्षांच्या करारावर जाणाऱ्या कामगाराला या कागदाचा उपयोग काय? शिवाय अर्ज, वकील, बुडालेली मजुरी. आणि जिल्ह्यात दाद मिळाली नाही तर थेट उच्च न्यायालयाचे औरंगाबाद खंडपीठ. श्रीमंताला हा खर्च जाणवत नाही, मजुराला तो कर्जात लोटतो. कायदा एकच, परंतु त्याची किंमत वर्गागणिक बदलते.

डिसेंबर २०२५ मध्ये महेशकुमार अगरवाल प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, फौजदारी न्यायालयांनी अटी घालून नूतनीकरणास संमती दिली असताना केवळ खटला प्रलंबित म्हणून ते नाकारता येणार नाही. आरोपी पळून जाईल ही भीती खोटी नाही. पण तिचा विचार करण्यासाठी न्यायालय बसलेले आहे. प्रवासापूर्वी परवानगीची अट ते घालू शकते. खिडकीवरील कारकुनाने दुसरा न्यायाधीश होण्याचे कारण नाही.

कार्यकर्त्यांनी काही गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. नुसता गुन्हा नोंदला जाणे म्हणजे खटला प्रलंबित असणे नव्हे. न्यायालयाने दखल घेतलेली असावी लागते, हे परराष्ट्र मंत्रालयाने २०१९ साली स्पष्ट केले आहे. खटला मात्र लपवू नये. माहिती दडवणे हा कलम १२ खाली स्वतंत्र गुन्हा आहे. न्यायालयाकडे परवानगी मागताना पूर्ण दहा वर्षांची मुदत आदेशात लिहून मागावी. नकार आल्यास कारणे लेखी घ्यावीत आणि कलम ११ खाली अपील करावे.

परंतु एकेका अर्जाने प्रश्न सुटणार नाही. ही बंदी गंभीर गुन्ह्यांपुरतीच ठेवावी आणि आंदोलनांतील खटले सरकारने न्यायालयाच्या संमतीने मागे घ्यावेत, या मागण्या धुळे-जळगावच्या प्रत्येक तालुक्यातून उठल्या पाहिजेत. चळवळीत उतरलेल्या तरुणाला त्याची किंमत भाकरीने मोजावी लागली, तर उद्या रस्त्यावर कोण उतरेल?