भोगवर्धनचे कारागीर आणि आपण
(समाजाच्या जालना येथील वार्षिक मेळाव्यात केलेले भाषण)



विश्वकर्मा जयंतीच्या निमित्ताने आपण सर्व पांचाळ कुटुंबे येथे जमलो आहोत. अशा प्रसंगी पूर्वजांच्या कौशल्याचे कौतुक होते, आणि ते योग्यच आहे. वेरूळच्या दहाव्या लेण्याला लोक ‘सुतार की झोपडी’ म्हणतात. तेथे अखंड दगडात लाकडी वाशांचे छत हुबेहूब कोरले आहे. ते पाहून, हे माणसाचे काम नव्हे, विश्वकर्म्याने हे एका रात्रीत केले, असे सहज तोंडून निघते. कारागिराच्या हातात जादू असते, असेही आपण म्हणतो. या ‘जादू’ शब्दाविषयीच आज थोडे बोलावे असा आमचा विचार आहे. कारण जादू म्हटले की शिकणे आणि शिकविणे हे दोन्ही संपते.

आपली भूमीच मुळी अग्नीतून जन्मली आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी पृथ्वीच्या पोटातील तप्त रस दख्खनभर थरांवर थर पसरला. तो निवून जो काळा पाषाण झाला, त्यावरच आपली गावे उभी आहेत. त्या रसातील वायूचे बुडबुडे निघून गेल्यावर ज्या पोकळ्या राहिल्या, त्यांत पुढे गारगोटी व अकीक जमले. या अकिकाचे मळकट पिवळे खडे मंद आचेवर बराच वेळ तापविले म्हणजे त्यांतील लोहाचा अंश रंग बदलतो आणि खडा तांबडालाल होतो. बघणाऱ्याला ही जादू वाटते. परंतु आच किती, वेळ किती आणि कोणता खडा तडकेल, हे ज्याला ठाऊक आहे त्याच्या दृष्टीने ती विद्या आहे.

ही विद्या जाणणारी माणसे आपल्याच जिल्ह्यात होती. केळणा नदीच्या काठचे भोकरदन म्हणजे प्राचीन भोगवर्धन. सांची आणि भारहूत येथील दानलेखांत या गावच्या दात्यांचा उल्लेख आहे. नागपूर व मराठवाडा या दोन विद्यापीठांनी येथे उत्खनन केले. त्याचा वृत्तांत १९७४ साली प्रसिद्ध झाला. सातवाहनकालीन वस्तीत मणी सापडले, शंखाच्या वस्तू सापडल्या, आणि एक हस्तिदंती स्त्रीमूर्तीही सापडली. तिच्या जातीची एक मूर्ती १९३८ साली इटलीतील पॉम्पेई येथे मिळाली होती. पॉम्पेई हे नगर इ. स. ७९ मध्ये व्हेसुव्हियस ज्वालामुखीच्या राखेखाली गाडले गेले. म्हणून ती मूर्ती त्यापूर्वीची, एवढे निश्चित. ती आज नेपल्सच्या संग्रहालयात आहे. ती भोकरदनच्या बाजूने गेली असावी असे काही विद्वान मानतात. इतरांचे मत निराळे आहे. तो निर्णय विद्वानांनी करावा. आपल्याला एवढे पुरे की, दोन हजार वर्षांपूर्वी आपल्या जिल्ह्यातील हातांचे काम जगाच्या बाजारातील उत्तम कामाच्या पंक्तीला बसत होते.

तो हस्तिदंत कोरणारे आपले प्रत्यक्ष पूर्वज होते, असा दावा आम्ही करीत नाही. त्यांचे नाव, कुळ काहीच उरलेले नाही. याउलट सांचीच्या दक्षिण तोरणावर पाहा. राजा सातकर्णीच्या कारागिरांचा मुखिया आनंद याचे नाव तेथे कोरले आहे, आणि विदिशेच्या दंतकारांनी हे शिल्पकाम केले अशी नोंदही आहे. विशेष हे की, त्या दंतकारांनी नोंद केली ती एकट्याची नव्हे, सर्वांची मिळून केली. कारागिरांच्या अशा संघाला त्या काळी ‘श्रेणी’ म्हणत.

श्रेणी म्हणजे नुसता मेळावा नव्हे. नाशिकच्या लेण्यात उषवदाताचा सुमारे इ. स. १२० चा लेख आहे. त्याने गोवर्धन येथील विणकरांच्या एका श्रेणीकडे दोन हजार कार्षापण ठेवले. दरमहा शेकडा एक व्याज. मूळ रक्कम कधीही परत घ्यावयाची नाही. व्याजातून वर्षावासात राहणाऱ्या वीस भिक्षूंना प्रत्येकी बारा कार्षापण वस्त्रासाठी द्यावयाचे. हिशेब करून पाहा : वर्षाचे व्याज दोनशे चाळीस, आणि वीस भिक्षूंना बाराप्रमाणे दोनशे चाळीसच. एक कवडी कमी नाही, एक कवडी जास्त नाही. राजाच्या जावयाने आपले धन मागावर बसणाऱ्या माणसांच्या हाती बिनघोर सोपविले, ते त्यांचा शब्द व त्यांचा हिशेब पक्का होता म्हणून.

दुसरे उदाहरण मंदसोरचे. रेशीम विणणाऱ्यांची एक श्रेणी लाट देश सोडून तेथे जाऊन राहिली. पुढे कोणी धनुर्विद्या शिकला, कोणी ज्योतिषी झाला, कोणी कथा सांगू लागला. काही मागावरच राहिले. तरी सर्वांनी मिळून इ. स. ४३६ च्या सुमारास सूर्यमंदिर बांधले, आणि इ. स. ४७३ च्या सुमारास त्याच श्रेणीने त्याचा जीर्णोद्धार केला. धंदे वेगळे झाले तरी संघ मोडला नाही. आपली मुले आज अभियंते, शिक्षक, कारकून होत आहेत, म्हणून समाज विस्कटला असे जे म्हणतात, त्यांनी मंदसोरचा हा लेख ध्यानी घ्यावा.

परंतु एका गोष्टीची चिंता आम्हांस खरोखर वाटते. जालन्याच्या भट्ट्यांत आज भंगार वितळून सळया निघतात. लोखंड मुबलक आहे. पण विळ्याचे पाते कोणत्या रंगावर आले म्हणजे पाण्यात बुडवावे, हे सांगणारे लोहार गावोगाव विरळ होत आहेत. वाकस, पटाशी, रंधा, गुण्या, सांडशी, ऐरण हे शब्द नातवंडांना परके झाले आहेत. याला नवा काळ जितका कारण, तितकेच आपलेही वळण कारण आहे. मर्म घराबाहेर जाऊ द्यावयाचे नाही, लेकीला दाखवायचे नाही, धाकट्या भावालाही पुरते सांगायचे नाही, अशी रीत कित्येक घरांत होती. कुलूप लावून ठेवलेली विद्या चोर नेत नाही हे खरे. पण ती ज्याच्याजवळ असते, त्याच्याबरोबरच चितेवर जाते.

म्हणून समाजापुढे आम्ही तीन गोष्टी ठेवतो. पहिली, प्रत्येक घराने वडीलधाऱ्यांजवळ बसून हत्यारांची नावे, मापे आणि युक्त्या वहीत उतरवून घ्याव्यात. पुढील अंकात त्यांना जागा मिळावी. दुसरी, समाजनिधीतील काही रक्कम गोवर्धनच्या विणकरांप्रमाणे कायम ठेव म्हणून ठेवावी; मुद्दलाला हात लावू नये, आणि व्याजातून दरवर्षी निदान दोन शिकाऊंचा खर्च चालवावा. २०२३ साली सुरू झालेल्या पंतप्रधान विश्वकर्मा योजनेत अठरा व्यवसायांना प्रशिक्षणाची व अवजारांची मदत ठेवली आहे. तिचा लाभ अवश्य घ्यावा. पण शिकविणारा हात आपणच पुरविला पाहिजे. तिसरी, शिकू इच्छिणाऱ्याला मुलगी की मुलगा, आपला की परका, असे विचारू नये. ज्याला ऐरणीजवळ उभे राहण्याची आवड आहे, त्याला घण द्यावा.

भोगवर्धनच्या कारागिराचे काम उरले, नाव गेले आणि विद्याही गेली. नाव गेल्याचे दुःख फार मानू नये. विद्या गेल्याचे मात्र मानावे. आपल्या घरातील विद्या अजून गेलेली नाही. ती सांगणारी माणसे आज याच मंडपात बसलेली आहेत. पुढच्या वर्षी आपण पुन्हा जमू, तेव्हा त्यांतील प्रत्येकाजवळ निदान एक शिकणारा बसलेला दिसावा, एवढीच विश्वकर्म्याच्या चरणी आमची प्रार्थना आहे.