दोष कुणाचा?



माझ्या धाकट्या भावाला स्किझोफ्रेनिया आहे, हे इचलकरंजीत मी आज प्रथमच उघडपणे सांगते आहे. तो आजारी पडला तेव्हा कुणी वाडीला न्यायला सांगितलं, कुणी अभ्यासाला बोल लावला. आईनं मात्र, 'माझंच वळण चुकलं' असं धरून घेतलं.

आमच्या कामात प्रोग्रॅम बंद पडला, की चुकीची ओळ शोधतात. इथे तशी एकच ओळ सापडत नाही. एकसारख्या जुळ्यांपैकी एकाला हा आजार झाला, तरी साधारण निम्म्या वेळा दुसऱ्याला होत नाही. म्हणजे आनुवंशिकता आहे, पण तेवढीच नाही. गर्भातली वाढ, गांजा, जगण्यातले ताण असे अनेक धागे त्यात गुंततात. आईचं वळण हे कारण नव्हे.

पत्नीला हा आजार असलेल्या, कॅनडातल्या प्रा. जगन्नाथ वाणी यांनी पुण्यात 'सा' ही संस्था उभारली. २००४ चा 'देवराई' हा चित्रपटही त्यांच्याच पुढाकारातून आला. त्यांनी घरातलं दुःख लपवलं नाही.

कारण शोधायचं ते उपचारासाठी, आरोपी ठरवायला नाही. कुणाच्या घरी असं काही असेल, तर टेली-मानसच्या १४४१६ या मोफत क्रमांकावर मराठीतून बोलता येतं. नाहीतर चहाच्या वेळी मला गाठा. मी थांबेन.