इथे हबशी, तिथे मुंबईचे

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)

मुंबईत दोन अनोळखी माणसं लोकलमध्ये शेजारी बसली, की दादर येईपर्यंत एक प्रश्न निघतोच : 'तुमचं गाव कुठलं?' माणूस तीन पिढ्या परळला राहिलेला असो, 'परळ' हे उत्तर चालत नाही. संगमेश्वर, पाटण, मालवण असं काहीतरी सांगावं लागतं. आणि तोच माणूस गणपतीला गावी गेला, की वाडीतली पोरं ओरडतात, 'मुंबईवाले आले!' इथे तो गावचा, तिथे तो मुंबईचा. आपण जिथून निघून आलो, त्या जागेचं नाव आपल्याला चिकटतं, जिथे आहोत तिथलं चिकटत नाही.

हा अनुभव आपल्या चाकरमान्यांचा. पण आपल्याआधी याच शहरात आलेल्या काही माणसांना तो फार कठोरपणे आला. ती माणसं आफ्रिकेतून आली होती. आज त्यांच्याविषयी बोलायचं आहे.

माझा या विषयाशी संबंध आजोबांमुळे. ते श्रीवर्धनचे. लालबागला गिरणीत लागले, तेव्हा गावाकडे राज्य नबाबाचं होतं. म्हातारपणी ते सांगायचे, 'आम्ही हबसाणातले.' लहानपणी मला हा शब्द कुठल्या तरी गोष्टीतला वाटे. पुढे कळलं, की हबसाण म्हणजे जंजिरा संस्थान. हबशांचा मुलूख म्हणून हबसाण. मुरुड, म्हसळा, श्रीवर्धन हा सगळा टापू त्यात होता आणि ते संस्थान १९४८ साली भारतात विलीन झालं. म्हणजे माझे आजोबा अर्धं आयुष्य आफ्रिकी वंशाच्या राजाचे प्रजाजन होते, आणि त्यांना त्यात नवल वाटत नव्हतं.

'हबशी' हा शब्द 'हबश' या अरबी नावावरून आला. हबश म्हणजे ॲबिसिनिया, आजचा इथिओपिया. 'सिद्दी' या शब्दाचं मूळही अरबीच, तो मानाचा शब्द. पण आपल्याकडे आफ्रिकेच्या कुठल्याही किनाऱ्यावरून आलेल्या माणसाला हीच दोन नावं सरसकट लागली. यातले पुष्कळ लोक गुलाम म्हणून आले होते. मात्र दख्खनच्या सुलतानांच्या पदरी गुलामाला लष्करात वर चढायची वाट होती. मलिक अंबरचं उदाहरण प्रसिद्ध आहे. इथिओपियात जन्मलेला, लहानपणी विकला गेलेला, हातोहात बदलत दख्खनला आलेला हा माणूस निजामशाहीचा कर्ता वजीर झाला. १६१० च्या सुमारास त्याने खडकी वसवली. तिचंच पुढे औरंगाबाद आणि आता छत्रपती संभाजीनगर झालं. १६२४ च्या भातवडीच्या लढाईत शहाजीराजे त्याच्या बाजूने लढले. १६२६ साली तो वारला. त्याची कबर खुलताबादला आहे.

जंजिऱ्याचे सिद्दी आपल्याला शत्रू म्हणूनच ठाऊक आहेत, आणि ते होतेच. शिवाजी महाराजांनी जंजिऱ्यासमोर पद्मदुर्ग उभारला, संभाजी महाराजांनी वेढा घातला, तरी तो किल्ला पडला नाही. श्रीवर्धनच्या भट घराण्याला सिद्दीच्या जाचापायी गाव सोडावं लागलं. त्याच घराण्यातले बाळाजी विश्वनाथ पुढे पेशवे झाले. हबसाणातून परागंदा झालेल्या एका कुटुंबाने मराठी राज्याचा कारभार हाती घेतला, असा हा स्थलांतराचा उलटा फेरा.

मुंबई शहराशीही सिद्द्यांची गाठ तलवारीनेच पडली. १६८९ साली सिद्दी कासम ऊर्फ याकूत खान औरंगजेबाच्या वतीने इंग्रजांवर चालून आला. तो शिवडीला उतरला. माझगावचा किल्ला त्याने घेतला, माहीमपर्यंत धडक मारली आणि इंग्रजांना त्यांच्या कोटात कोंडून ठेवलं. इंग्रजांनी बादशहाची माफी मागितली, दंड भरला, तेव्हा कुठे १६९० च्या जून महिन्यात सिद्दी माघारी गेला. डॉकयार्ड रोड स्टेशनाजवळच्या टेकडीवर आज जोसेफ बाप्टिस्टा उद्यान आहे. तिथे संध्याकाळी मुलं खेळतात. माझगावचा तो किल्ला त्याच टेकडीवर होता.

इथपर्यंतचा इतिहास शाळेत थोडाफार येतो. त्यामुळे आपल्या मनातला सिद्दी म्हणजे किल्ल्यावरचा, तोफेमागचा सिद्दी. पण नबाब आणि सरदार होऊन होऊन किती होणार? मुंबईत त्यानंतर जे आफ्रिकी लोक आले, त्यांच्याजवळ तोफ नव्हती. त्यांतले कित्येक तर मुलं होती.

एकोणिसाव्या शतकात आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यावरून गुलामांनी भरलेली गलबतं अरबस्तानाकडे आणि इराणी आखाताकडे जात. इंग्रजांच्या साम्राज्यात गुलामांचा व्यापार १८०७ सालीच बेकायदा ठरला होता. त्यांच्या लढाऊ जहाजांनी अशी गलबतं पकडली, की आतल्या माणसांचं करायचं काय, हा प्रश्न येई. त्यांना परत कुठे सोडणार? गाव जळालेलं, आईबाप मेलेले किंवा विकले गेलेले. सोडलं तर पुन्हा पकडले जाणार. म्हणून त्यांतल्या अनेकांना मुंबई बंदरात आणून पोलिसांच्या हवाली करत. मोठ्यांना काम बघून देत, मुलांना कुटुंबांकडे किंवा मिशनकडे सोपवत.

यांतली बरीच मुलं नाशिकला गेली. तिथे विल्यम सॉल्टर प्राइस या मिशनऱ्याने १८५० च्या दशकात शरणपूर वसवलं होतं. शरण आलेल्यांचं गाव म्हणून शरणपूर. आज नाशिकचा शरणपूर रोड गजबजलेला आहे, पण त्या नावामागे आफ्रिकी मुलांचं वसतिगृहही आहे, हे किती जणांना माहीत असेल? मुलं तिथे लिहा-वाचायला शिकली, सुतारकाम आणि लोहारकाम शिकली. त्यांचा बाप्तिस्मा झाला आणि नावंही नवी मिळाली. आईने ठेवलेलं नाव गेलं आणि जेकब वेनराइट, मॅथ्यू वेलिंग्टन अशी नावं आली.

आता गिरगावात येऊ. १८६४ च्या जूनमध्ये डेव्हिड लिव्हिंग्स्टन हा शोधप्रवासी झांजिबारहून एक छोटी आगबोट स्वतः हाकत मुंबईला आला. त्याच्याबरोबर चुमा आणि विकाटानी नावाची दोन मुलं होती. १८६१ साली गुलामांच्या तांड्यातून त्यांची सुटका झाली होती. त्यांना त्याने डॉ. जॉन विल्सन यांच्या शाळेत ठेवलं. विल्सन यांनी १८३२ साली गिरगावात आंब्रोळीला सुरू केलेलं शिक्षणाचं काम वाढत वाढत पुढे चौपाटीवरचं विल्सन कॉलेज झालं. बरोबर आलेल्यांपैकी सुसी आणि अमोडा हे मुंबईच्या गोदीत कामाला लागले. म्हणजे ज्या वर्षांत कापसाच्या तेजीने आणि शेअरच्या सट्ट्याने मुंबई वेडी झाली होती, त्या वर्षांत आफ्रिकेतली ही मुलं इथे अक्षरं गिरवत होती आणि तरुण गोदीत ओझी उचलत होते.

१८६६ च्या जानेवारीत लिव्हिंग्स्टन मुंबईहून पुन्हा आफ्रिकेला निघाला, तेव्हा चुमा, सुसी आणि नाशिकची नऊ मुलं त्याच्याबरोबर होती. पुढे १८७२ साली नाशिकचे आणखी काही तरुण त्याच्याकडे पोहोचले. त्यांत जेकब वेनराइट होता. १८७३ च्या मे महिन्यात आजच्या झांबियातल्या चितांबोच्या गावी लिव्हिंग्स्टन वारला. तेव्हा या लोकांनी त्याचं हृदय झाडाखाली पुरलं, जेकबने प्रार्थना वाचली आणि झाडाच्या बुंध्यावर नाव व तारीख कोरली. मग मृतदेह वाळवून, कापडात गुंडाळून ते हजार मैलांहून अधिक चालत १८७४ च्या फेब्रुवारीत समुद्रकिनाऱ्यावर पोहोचले. १८ एप्रिल १८७४ रोजी लंडनला वेस्टमिन्स्टर ॲबीत दफन झालं, तेव्हा खांदेकऱ्यांत जेकब होता. त्या बुंध्यावरची अक्षरं कोरणारा हात नाशिकला शिकलेला होता.

त्याच सुमाराला एक नवी वस्ती उभी राहिली. मुंबईचे माजी गव्हर्नर सर बार्टल फ्रियर यांनी १८७३ साली झांजिबारच्या सुलतानाशी वाटाघाटी केल्या. त्याच वर्षी तह होऊन तिथला गुलामांचा बाजार बंद झाला. मग १८७५ मध्ये मोंबासाजवळ सुटका झालेल्या गुलामांसाठी 'फ्रियरटाउन' वसवलं गेलं आणि ते वसवायला शरणपूरचे प्राइसच गेले. नाशिकचा आश्रम बंद झाला. तिथे वाढलेले तरुण शिक्षक, सुतार, लोहार, धर्मोपदेशक म्हणून मोंबासाला गेले. त्यांच्या आधी, १८६४ मध्येच, विल्यम जोन्स, जॉर्ज डेव्हिड आणि इश्माएल सेमलर हे तिघे जवळच्या रबाईला गेले होते.

ही माणसं अखेर आफ्रिकेत परतली होती. आता तरी ती घरी आली, असं आपल्याला वाटेल. पण तिथे त्यांना नाव पडलं, 'बॉम्बे आफ्रिकन'. त्यांचे कपडे वेगळे, बोलणं वेगळं, रीतभात वेगळी. मूळ गाव मोंबासापासून शेकडो मैल आत कुठेतरी, आणि गावची बोलीही पुष्कळांच्या तोंडून गेलेली. स्थानिकांना ते परके वाटत आणि गोऱ्या मिशनऱ्यांना वाटे, की हे स्वतःला आपल्या बरोबरीचे समजतात. मुंबईने त्यांना हबशी म्हटलं होतं. आफ्रिकेने त्यांना मुंबईचं म्हटलं. फ्रियरटाउनची घंटा आजही तिथल्या चौकात आहे आणि त्या भागाला स्वाहिलीत 'केंगेलेनी' म्हणतात, म्हणजे घंटेपाशी.

सिद्दी मुबारक तर आडनावच 'बॉम्बे' लावत असे. लहानपणी गुलाम म्हणून तो हिंदुस्थानात विकला गेला, धनी वारल्यावर मोकळा झाला आणि आफ्रिकेला परतला. बर्टन, स्पीक, स्टॅनली, कॅमेरून या सगळ्यांच्या मोहिमा त्याने चालवल्या. स्पीकशी तो हिंदुस्थानीत बोलत असे. इंग्रज प्रवाशांची नावं तळ्यांच्या आणि धबधब्यांच्या इतिहासात लिहिली गेली. वाट दाखवणाऱ्याच्या नावात तेवढी आपली मुंबई राहिली.

जे परत गेले नाहीत, त्यांचं काय? आगबोटी वाढल्या, तशी इंजिनाच्या पोटात उभं राहून कोळसा झोकणारी माणसं हवी झाली. बोटीवरच्या भाषेत त्यांना आगवाला म्हणत. मुंबईचे सिद्दी या कामात नावाजलेले होते. एडवर्ड्स या इंग्रज अधिकाऱ्याने १९१२ साली मुंबईवर पुस्तक लिहिलं, त्यात या सिद्द्यांवर स्वतंत्र लेख आहे. सफर संपली, की ती माणसं आपल्या जमातीच्या घरी जमायची आणि रात्री ढोलावर नाचायची.

इथे मला एक गोष्ट स्पष्ट करायची आहे. माझे आजोबा आणि हा आगवाला, दोघांनी या शहरात यंत्रासमोर घाम गाळला. पण दोघांची वाट एक नव्हती. आजोबांना भुकेने मुंबईला आणलं, कुणी बांधून आणलं नाही. पोस्टाने पैसे पाठवायला त्यांना गाव होतं, शिमग्याला परतायला घर होतं. 'गाव कुठलं?' या प्रश्नाला त्यांच्याजवळ उत्तर होतं. शरणपूरच्या मुलाजवळ ते नव्हतं. म्हणून हा प्रश्न सगळ्यांना सारखाच गोड वाटेल, असं धरून चालू नये.

आज सिद्दी समाज गुजरातेत आणि कर्नाटकात मोठ्या संख्येने आहे. उत्तर कन्नड जिल्ह्यातल्या यल्लापूर-हल्याळकडचे सिद्दी कोकणी बोलतात. २०२० साली शांताराम सिद्दी कर्नाटकच्या विधान परिषदेवर नेमले गेले. २०२३ मध्ये गुजरातच्या हिराबाई लोबी यांना पद्मश्री मिळाली. तरीही यांतला कुणी दादर स्टेशनावर उतरला, तर त्याला इंग्रजीत विचारतील, 'तुम्ही कुठल्या देशाचे?' पिढ्यान्‌पिढ्या इथे राहिलेल्या माणसाला हे ऐकून काय वाटत असेल, याचा विचार करावा.

गिरण्या बंद पडल्या, चाळी पडल्या. आपली माणसं बदलापूर-विरारला गेली आणि तिथे 'आम्ही लालबागचे' म्हणून सांगतात. नाव सोडवत नाही, कारण त्या नावात आपलं कष्टाचं आयुष्य आहे. मोंबासाच्या त्या लोकांच्या नावातही मुंबई अशीच राहिली होती. त्यांनी हे शहर आपल्या नावात वागवलं. आपण निदान आपल्या शहराच्या इतिहासात त्यांना जागा द्यावी. जंजिऱ्याच्या धड्याशेजारी शरणपूरचाही एक धडा असावा, एवढंच माझं म्हणणं आहे.