पडद्यावर आपली माणसं, मागे आपली जमीन
(मेळाव्यात युवा गटानं केलेली मांडणी)



गेल्या महिन्यात आम्ही पोरापोरींनी पाड्यावर चादर बांधून ‘नर्मदा डायरी’ दाखवली. आनंद पटवर्धन आणि सिमंतिनी धुरू यांची ही १९९५ ची फिल्म. मणिबेली, म्हणजे अक्कलकुवा तालुक्यातलं आपलं गाव, सरदार सरोवराच्या पाण्यात महाराष्ट्रातून सगळ्यात आधी गेलं. त्या काळची माणसं तिच्यात आहेत. त्यांना कोणी सोंग दिलं नव्हतं, बोलणं शिकवलं नव्हतं. ती स्वतःच होती, स्वतःचंच बोलत होती.

आम्ही भाषणं ऐकत होतो. म्हातारी माणसं मात्र दुसरंच बघत होती. एक आजी म्हणाली, “बोलणारा राहू दे, त्याच्या मागचं शेत बघ.” तेव्हा आमच्या ध्यानात आलं. कॅमेरा माणसावर धरला होता, पण मागचं घर, बांध, झाडं आपोआप आत आली. आज तिथं पाणी आहे. ते शेत आता चित्रातच उरलं.

आता आपलं बघा. वनहक्क कायदा २००६ सांगतो, १३ डिसेंबर २००५ च्या आधीपासून जमीन कसत असल्याचं दाखवा. साहेब विचारतात, कागद कुठं आहे? पण नियमात नुसता सरकारी कागदच नाही. घर, झोपडी, बांध, सपाट केलेली जमीन याही खुणा धरतात. दावेदार सोडून गावातल्या दुसऱ्या म्हाताऱ्या माणसाचा लेखी जबाबही धरतात. पुरावे मात्र एकापेक्षा जास्त लागतात.

आपल्या मोर्चांचे, सभांचे, लग्नांचे फोटो आणि कॅसेटी घरोघर आहेत. नुसत्या फोटोवर दावा मंजूर होईल, असं आम्ही म्हणत नाही. पण फोटो समोर ठेवला की म्हाताऱ्यांना आठवतं: हा बांध कोणी घातला, हा नाला कोणाच्या शेताला लागतो, त्या साली कोण कसत होतं. ते ग्रामसभेत लिहून घ्यायचं, अंगठा घ्यायचा. मुका फोटो तेव्हा बोलतो.

आणखी एक. फिल्ममध्ये पुढाऱ्यांची नावं कळतात. रांगेत बसलेल्या बायांची नावं कोणी लिहिली? आपणच लिहायची. ओळखणारी माणसं कमी होत चालली आहेत. ती गेली की तो चेहरा फक्त ‘एक आदिवासी बाई’ होईल.

म्हणून तीन कामं ठरवू या :
१) प्रत्येक पाड्यानं जुने फोटो, कॅसेटी पुढच्या बैठकीला आणाव्यात.
२) मागे नाव, गाव, साल लिहावं. साल नक्की नसेल तर ‘अमक्या मोर्चाच्या आधी’ असं लिहावं, खोटं साल घालू नये.
३) यापुढे कोणी कॅमेरा घेऊन आला तर आधी ग्रामसभेत सांगावं आणि एक प्रत गावाला द्यावी.

आपण जमिनीवर होतो, आहोत. आता हे लिहून ठेवू.

जिंदाबाद!