विजापूर : एका दिवसाची राजधानी

मोठ्या शहरांचे दर्शन एका दिवसात घेण्याची रीत आता सर्वत्र रूढ झाली आहे. सकाळी न्याहारी उरकून निघावे, बरोबर एक गाईड घ्यावा, सात-आठ स्थळे पाहावीत आणि दिवेलागणीस परतीची गाडी गाठावी, असा तो क्रम असतो. या रीतीला नावे ठेवणारे पुष्कळ आहेत. जी राजधानी उभारण्यास दोनशे वर्षे लागली ती दहा तासांत काय कळणार, असे ते विचारतात. प्रश्न रास्त आहे. परंतु नोकरदार माणसाला, शाळेच्या सहलीला आणि वृद्ध आईवडिलांना घेऊन निघालेल्या मुलाला बहुधा एकच दिवस मिळतो, हेही तितकेच खरे. म्हणून दिवस अपुरा आहे काय, यापेक्षा तो कसा घालवावा, हा विचार अधिक उपयोगाचा होय. त्या विचारासाठी विजापूर हे फार चांगले उदाहरण आहे.

१४९० च्या सुमारास युसूफ आदिलखानाने बहामनी सत्तेपासून अलग होऊन येथे आपले राज्य मांडले. १६८६ मध्ये औरंगजेबाने ते बुडवले. २०१४ पासून शहराचे अधिकृत नाव विजयपुर असे आहे; मराठी घरांत मात्र विजापूर हेच नाव चालते. त्या घरांतील मुलांच्या कानी हे नाव पहिल्यांदा पडते ते अफजलखानाच्या कथेत. दरबारात विडा उचलणारा खान आणि १६५९ साली प्रतापगडाच्या पायथ्याशी झालेला त्याचा शेवट, एवढेच विजापूर पुष्कळांना ठाऊक असते. ती कथा खोटी नव्हे. पण एका माणसाच्या कथेएवढेच शहर नसते. खानाला शोधायला गेलेला प्रवासी खानालाच पाहून परत येतो, आणि त्याचा दिवस फुकट जातो.

चांगल्या गाईडचे पहिले काम येथेच सुरू होते. पुढ्यातल्या वस्तूविषयी तीन प्रकारची माहिती असते. एक दगडावर किंवा धातूवर कोरलेली, दुसरी कागदावर लिहिलेली आणि तिसरी लोकांच्या तोंडून चालत आलेली. तिन्हींना मोल आहे, पण तिन्हींचे मोल सारखे नाही. जो वाटाड्या सांगताना या तिन्हींची सरमिसळ करीत नाही त्याच्यामागून निःशंकपणे चालावे.

दिवसाचा आरंभ बहुधा शहराच्या पूर्वेकडील गोल घुमटापासून होतो. मुहम्मद आदिलशहाची ही कबर. त्याने १६२७ ते १६५६ पर्यंत राज्य केले. आतले दालन चौरस असून त्याची प्रत्येक बाजू सुमारे १३५ फूट आहे, आणि एवढ्या जागेत एकही खांब नाही. एकमेकींना छेदणाऱ्या कमानींनी चौकोनाचे हळूहळू वर्तुळ केले आहे, आणि त्या वर्तुळावर आतून सुमारे १२४ फूट व्यासाचा घुमट तोलला आहे. चार कोपऱ्यांवर सातमजली मनोरे आहेत. त्यांच्या अरुंद जिन्याने शंभराहून अधिक पायऱ्या चढून गेले की घुमटाच्या आतून फिरणारा सज्जा लागतो.

या सज्जाची कीर्ती त्याच्या ध्वनीसाठी आहे. भिंतीशी तोंड नेऊन केलेली कुजबुज समोरच्या टोकाला, शंभराहून अधिक फुटांवर, स्पष्ट ऐकू येते. मोकळ्या हवेत आवाज चहूकडे पसरून क्षीण होतो; येथे तो वळणदार भिंतीला धरून सरकतो, म्हणून फारसा विरत नाही. एक टाळी वाजवली तर तिचे पडसाद अनेकदा उठतात. आणि दुर्दैव असे की या कुजबुजीच्या सज्जात कोणीच कुजबुजत नाही. सहलीची मुले आरोळ्या ठोकतात, मोठी माणसेही त्यांना साथ देतात, आणि सगळ्या आवाजांचा एकच कल्लोळ माजतो. प्रत्येकाला आपलाच आवाज दहापट होऊन परत मिळतो. दुसऱ्याचा शब्द कोणालाच कळत नाही. जाणते वाटाडे म्हणून आपल्या मंडळींना अगदी भल्या पहाटे, दार उघडताच वर नेतात, दोघांना समोरासमोर उभे करतात आणि बाकीच्यांना गप्प बसवतात. मग घड्याळाची टिकटिक आणि कागदाची सळसळही पलीकडे पोहोचते. त्या पाच मिनिटांत जो शिकला त्याला पुढचा सारा दिवस उपयोगी पडतो. शहरालाही तोच नियम लागू आहे. आपण मोठ्याने विचारले की आपलेच ऐकू येते. गप्प राहिले की दुसऱ्याचे.

तेथून जामा मशीद फार दूर नाही. अली आदिलशहा पहिला याने ती बांधण्यास घेतली. १५६५ च्या लढाईत विजयनगरचा पाडाव झाल्यावर हाती आलेले द्रव्य तिला लागले, असे मानले जाते. मशिदीच्या फरशीवर एकेका माणसाच्या नमाजापुरते चौकोन आखलेले आहेत, सुमारे सव्वादोन हजार. ते आखवणारा मात्र औरंगजेब, म्हणजे हे राज्य बुडवणाराच. एका राजधानीच्या संपत्तीवर दुसरी उभी राहते आणि तिच्या फरशीवर तिसऱ्याच्या रेघा पडतात, हे येथे न सांगताही कळते.

शहराच्या मध्यभागी बालेकिल्ल्याच्या परिसरात गगनमहाल आहे. हा १५६१ च्या सुमाराचा दरबार. त्याच्या मधल्या कमानीचा विस्तार पाहून आजचे बांधकाम करणारेही थबकतात. लहानग्या शिवबाने विजापूरच्या दरबारात मुजरा करण्याचे नाकारले, ही गोष्ट वाटाडे बहुधा इथेच सांगतात. ती तिसऱ्या प्रकारातली, म्हणजे सांगत आलेली गोष्ट, एवढे त्यांनी जोडले म्हणजे पुरे. कारण कागदावरचा इतिहास कमी वेधक नाही. शिवाजी महाराजांचे वडील शहाजीराजे १६३६ नंतर याच दरबारचे सरदार होते. बंगळूरकडच्या मोहिमेत रणदुल्लाखानाबरोबर तेही होते. त्याच्या कितीतरी आधी, पहिल्या इब्राहीमच्या कारकिर्दीत, १५३४ ते १५५८ च्या दरम्यान, महसुलाचे हिशेब फारसीऐवजी देशी भाषेत ठेवण्याची प्रथा पडली. मराठी मुलखापुरती ती भाषा मराठी होती. ज्या दरबाराला मराठी मुलगा केवळ परका समजतो, त्याच्या दफ्तरात त्याच्या पूर्वजांच्या गावांचा जमाखर्च त्याच्याच भाषेत मांडला जात होता. हे ऐकल्यावर अफजलखानाची कथा बदलत नाही. पण तिच्या आजूबाजूला माणसे दिसू लागतात.

दुपारच्या विसाव्यात जेवण होते. पानात ज्वारीची भाकरी, भरली वांगी आणि शेंगदाण्याची चटणी असते. वाढणारा तिला कानडीत रोट्टी म्हणतो, जेवणारा भाकरी म्हणतो. ज्वारी एकच असते. ज्या वाटाड्याला कानडी, दखनी आणि मराठी अशा तिन्ही बोली येतात तो सोबत असला तर ही गोष्टदेखील दर्शनाचाच भाग होते.

दुपारनंतर बारा कमान लागते. दुसऱ्या अली आदिलशहाची ही कबर अपुरीच राहिली. छत नाही, घुमट नाही. उघड्या आकाशाखाली नुसत्या कमानींच्या रांगा उभ्या आहेत. गोल घुमट पाहिल्यावर ती पाहिली म्हणजे बापाचे पुरे झालेले आणि मुलाचे अर्धे राहिलेले, अशी दोन्ही स्वप्ने एकाच दिवसात डोळ्यांपुढून जातात.

पश्चिमेच्या तटावर मलिक-ए-मैदान ही तोफ आहे. वजन सुमारे ५५ टन, लांबी चौदा फुटांहून अधिक; तोंड सिंहाच्या जबड्यासारखे घडवलेले, आणि त्या जबड्यात हत्ती सापडलेला. १५४९ साली ती निजामशाहीच्या अहमदनगरात मुहम्मद बिन हसन रूमी याने ओतली. पुढे ती परांड्याच्या किल्ल्यावर होती. तेथून १६३२ मध्ये विजापुरास आली. शहर जिंकल्यावर औरंगजेबाने तिच्यावर आपलाही लेख कोरवला. इंग्रजी अमलात १८५४ साली तिचा लिलाव पुकारला गेला, तेव्हा १५० रुपयांवर बोली गेली नाही, आणि सुदैवाने ती विक्री रद्द झाली. तोफ एकच, पण धनी किती बदलले! प्रत्येकाला वाटले असेल की आपण तिचे कायमचे मालक आहोत.

जवळच मक्का दरवाजाच्या आत ताज बावडी आहे. १६२० ची ही विहीर. ओघवते बांधकाम आणि प्रशस्त कमान पाहून ती विहीर आहे, हे क्षणभर ध्यानातच येत नाही. तोफेपाशी जितका वेळ जातो त्याच्या निम्माही येथे दिला जात नाही. वास्तविक राजधानी तोफेवर दोन-चार दिवस लढते, पाण्यावर मात्र रोज जगते. कोरड्या मुलखातल्या या शहरात तोरवीकडून भूमिगत नळांनी पाणी आणले होते, आणि त्याचा जोर सांभाळण्यासाठी मार्गावर गंज नावाचे दगडी मनोरे बांधले होते. त्यांपैकी काही अजून उभे आहेत. वाटाड्याने न दाखवले तरी विचारून पाहावेत.

दिवसाचा शेवट तटाबाहेरील इब्राहीम रोझ्यात व्हावा, हे उत्तम. मलिक संदल याने तो उभारला. दुसऱ्या इब्राहीमने आपल्या राणीसाठी, ताज सुलतानेसाठी, तो योजला. १६२७ मध्ये त्यालाच तेथे विसावा मिळाला. कबर आणि मशीद एकाच जोत्यावर समोरासमोर आहेत. कबरीच्या खिडक्यांत दगडाच्या जाळीतून अक्षरेच विणली आहेत. मावळतीचे ऊन त्यांतून आत उतरते.

इब्राहीम राजा होता, तसाच तो गाणारा होता. दखनी भाषेत त्याने ‘किताब-ए-नवरस’ रचली. तिच्यातील पदे रागांच्या नावाखाली लावलेली आहेत. मुसलमान सुलतानाने तिच्यात सरस्वतीचे आणि गणपतीचेही स्तवन केले आहे. त्याच्या तंबोऱ्याचे नाव मोतीखान होते. लोक त्याला जगद्गुरू म्हणत. त्याने १५९९ मध्ये शहराच्या पश्चिमेस नवरसपूर नावाची नगरी वसवण्यास घेतली. १६२४ मध्ये मलिक अंबरच्या सैन्याने ती उद्ध्वस्त केली, आणि नगरी पुन्हा वसली नाही. पदे मात्र उरली.

येथे एक गोष्ट ध्यानात येते. एका दिवसाची ही फेरी पूर्वेकडून पश्चिमेकडे जाते, काळ मात्र उलटा चालतो. सकाळी राज्याच्या उत्तरार्धातला, पाषाणातून बोलणारा प्रचंड घुमट पाहिला; संध्याकाळी त्याआधीचा गाणारा राजा भेटला. वाटाड्याने क्रम आधीच सांगून ठेवला नाही, तर प्रवाशाच्या मनात मोठेपणा आणि आकार ही एकच गोष्ट होऊन बसते. सांगून ठेवला, तर तो घुमटापेक्षाही रोझ्याच्या जाळीपाशी अधिक वेळ थांबतो.

एक दिवस थोडा खरा, परंतु एखाद्या शहराविषयीचा आपला पहिला ग्रह सैल होण्यास तो पुरा पडतो. मुलांना विजापुरास नेणाऱ्या पालकांनी आणि शिक्षकांनी परतीच्या गाडीत एवढेच करावे : प्रत्येक मुलाला सकाळी जे माहीत नव्हते असे एकच सांगण्यास लावावे, आणि ते दगडावर होते, कागदावर होते की कोणाच्या तोंडी होते, तेही विचारावे. कोणी तोफेचे १५० रुपये सांगेल, कोणी तंबोऱ्याचे नाव, कोणी दफ्तरातल्या मराठी जमाखर्चाचे. गाडीत खानाचे नाव निघणारच, निघावेही. पण त्या दिवशी ते एकटे निघणार नाही.